सही झालेले सर्टिफिकेट क्लाउडमधल्या प्रायव्हेट सीएमध्ये बसवताना : माझा अनुभव

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतील एका टॉवेल कारखान्याच्या संगणक विभागात मी काम करतो. गोदामातले बारकोड स्कॅनर, मागांवरचे उत्पादन नोंदवणारा सर्व्हर आणि निर्यातीची कागदपत्रे तयार होतात ते अंतर्गत पोर्टल, या सर्वांना एकमेकांची ओळख पटण्यासाठी सर्टिफिकेट, म्हणजे डिजिटल ओळखपत्रे, लागतात. ती वर्षानुवर्षे कार्यालयातल्याच एका विंडोज सर्व्हरवरून दिली जात होती. तो सर्व्हर निवृत्त करायची वेळ आली तेव्हा हे काम ॲमेझॉनच्या क्लाउडमधल्या एडब्ल्यूएस प्रायव्हेट सीए (सीए म्हणजे सर्टिफिकेट देणारी यंत्रणा) या सेवेच्या मुंबई रीजनमध्ये हलवायचे ठरले. आमचे रूट सर्टिफिकेट, म्हणजे ज्याच्यावर बाकी सर्वांचा विश्वास टेकतो ते मूळ सर्टिफिकेट, मात्र आम्ही तेच ठेवले, कारण ते प्रत्येक स्कॅनरमध्ये आधीच बसवलेले आहे आणि नवा रूट आणणे म्हणजे गोदामातले एकेक उपकरण हातात घेऊन पुन्हा मांडणी करणे झाले असते. म्हणून रूट वर, आणि त्याने सही केलेला सबऑर्डिनेट, म्हणजे त्याच्या हाताखालचा, सीए क्लाउडमध्ये, अशी रचना आम्ही निवडली.

खर्चाचा प्रश्न लेखा विभागाने पहिल्याच बैठकीत विचारला आणि तो रास्त होता. सर्वसाधारण प्रकारच्या एका सीएला महिन्याला 400 डॉलर पडतात. अल्पमुदतीच्या प्रकाराला 50 डॉलर पडतात, पण त्यातून दिलेले सर्टिफिकेट जास्तीत जास्त 7 दिवस चालते, आणि आमच्या स्कॅनरना दर आठवड्याला नवे सर्टिफिकेट पोहोचवण्याची यंत्रणा आमच्याकडे नाही. त्यामुळे महागडा पर्यायच घ्यावा लागला.

सीए तयार करताना घाई करू नये, असे मी आग्रहाने सांगेन, कारण त्या वेळी निवडलेला सही करण्याच्या कीचा, म्हणजे डिजिटल किल्लीचा, प्रकार आणि भरलेले नाव पुढे बदलता येत नाही. जुन्या स्कॅनरचा विचार करून आम्ही आरएसए 2048 हा कीचा प्रकार घेतला. नावावर मात्र बरीच चर्चा झाली, कारण कारखान्याच्या जुन्या नोंदणीपत्रावर शहराचे इंग्रजी स्पेलिंग ब्रिटिशकालीन आहे, म्हणजे त्यात ‘एस’नंतर ‘एच’ येतो, आणि नंतरच्या कागदपत्रांवर तो नाही. आम्ही आजचे प्रचलित स्पेलिंग घेतले आणि तसे लेखी टिपण ठेवले.

सीए तयार होताच त्याची स्थिती ‘सर्टिफिकेटच्या प्रतीक्षेत’ अशी दिसते आणि सीएसआर, म्हणजे सहीसाठीचा अर्ज, डाउनलोड करता येतो. प्रायव्हेट की अपलोड कुठे करायची, असे मला कार्यालयातल्या अनेकांनी विचारले. ती कुठेच अपलोड करायची नसते. ती क्लाउडच्या हार्डवेअर सिक्युरिटी मॉड्यूलमध्ये, म्हणजे की सुरक्षित ठेवणाऱ्या खास उपकरणात, तयार होते, तिथेच राहते आणि आपल्याला कधी दिसतही नाही. बाहेर जातो तो अर्ज आणि आत येते ते सही झालेले सर्टिफिकेट.

आमच्या रूटची की नेटवर्कला न जोडलेल्या एका लॅपटॉपवर आहे आणि तो लॅपटॉप लेखा विभागाच्या तिजोरीत असतो. तो बाहेर काढण्यापूर्वी मी माझ्या संगणकावर एक तात्पुरता रूट तयार करून संपूर्ण सहीची रंगीत तालीम केली, आणि माझ्या मते या कामातला सर्वांत मोलाचा भाग हाच ठरला. तालमीतल्या पहिल्या सर्टिफिकेटवर ‘हे सर्टिफिकेट सीएचे आहे’ असे सांगणारी नोंदच नव्हती, कारण सहीसाठी वापरलेले ओपनएसएसएल हे सॉफ्टवेअर अर्जातली एक्स्टेन्शन, म्हणजे अशा जादा नोंदी, आपणहून उतरवून घेत नाही. ती सही करणाऱ्यानेच सेटिंगच्या फाइलमध्ये लिहावी लागतात. बेसिक कन्स्ट्रेंट्स या एक्स्टेन्शनमध्ये सीए असल्याची नोंद क्रिटिकल, म्हणजे दुर्लक्ष करता न येणारी, म्हणून आणि पाथ लेंथ 0, म्हणजे याच्याखाली आणखी सीए तयार होऊ नये, असे लिहिले. ‘की यूसेज’मध्ये, म्हणजे की कशासाठी वापरायची ते सांगणाऱ्या एक्स्टेन्शनमध्ये, सर्टिफिकेटवर आणि रद्द केलेल्या सर्टिफिकेटांच्या यादीवर सही करण्याची परवानगी दिली.

दुसरी गोष्ट अधिक सूक्ष्म होती. तालमीतल्या सर्टिफिकेटवर देश, राज्य आणि कंपनी बरोबर होती, पण शहर नव्हते. ओपनएसएसएलच्या नेहमीच्या धोरणात, म्हणजे नावातले कोणते रकाने घ्यायचे ते सांगणाऱ्या सेटिंगमध्ये, शहराचा रकानाच नसतो, आणि धोरणात नसलेला रकाना काहीही न सांगता गाळला जातो. अर्जावर सोलापूर आणि सर्टिफिकेटवर सोलापूर नाही, असे सर्टिफिकेट पुढे नेणे मला मान्य नव्हते. अर्जातले नाव आणि सही झालेले नाव अक्षरशः एकच असले पाहिजे. धोरणात शहराचा रकाना घातला आणि मग नाव जसेच्या तसे उतरले.

प्रत्यक्ष सहीच्या दिवशी लॅपटॉप सुरू करताच प्रथम घड्याळ पाहिले, कारण अनेक महिने बंद असलेले यंत्र चुकीची तारीख दाखवू शकते आणि तीच तारीख सर्टिफिकेटच्या मुदतीत उतरते. पेन ड्राइव्हवरून आणलेला अर्ज वाटेत बदललेला नाही, याची खात्री करण्यासाठी त्याचा एसएचए-256 ठसा, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेली ओळखखूण, दोन्हीकडे काढला. त्यातले 64 आकडे आणि अक्षरे लेखा विभागाच्या मॅडम लॅपटॉपवरून मोठ्याने वाचत होत्या आणि मी माझ्या छापील कागदावर एकेकाखाली रेघ मारत होतो. मध्येच मी म्हणालो, “मॅडम, थांबा, ‘बी’ की ‘डी’?” त्यांनी पडद्याजवळ वाकून पाहिले आणि म्हणाल्या, “डी, डब्यातला डी. पुढे सात, शून्य, शून्य.” शेवटपर्यंत जुळल्यावरच त्यांनी रूटची की उघडणारा आपला पासफ्रेज टाकला.

इम्पोर्टचे पान अगदी साधे आहे. एका चौकटीत सर्टिफिकेट आणि दुसऱ्या चौकटीत त्याच्या वरच्या सर्टिफिकेटांची साखळी, दोन्ही पीईएम या मजकुराच्या स्वरूपात, चिकटवायची असते. साखळीत आपले स्वतःचे सर्टिफिकेट घालायचे नसते आणि रूट सर्वांत शेवटी यावा लागतो. आमच्याकडे मधला कोणी नसल्याने साखळीत एकटा रूटच होता. ओपनएसएसएलने सही केलेल्या फाइलमध्ये सर्टिफिकेटच्या आधी माणसाला वाचता येईल असा लांबलचक मजकूर असतो, तो मी काढून टाकला आणि ‘बिगिन सर्टिफिकेट’च्या ओळीपासून ‘एंड सर्टिफिकेट’च्या ओळीपर्यंतचाच भाग ठेवला. सर्टिफिकेटमधली पब्लिक की, म्हणजे प्रायव्हेट कीची उघड जोडीदार, अर्जातल्या कीशी जुळते का आणि रूटवरून सही पडताळली जाते का, हे आधीच तपासून ठेवले होते. बटण दाबल्यावर काही क्षणांतच स्थिती ‘ॲक्टिव्ह’ झाली.

पहिले सर्टिफिकेट माग नोंदवणाऱ्या सर्व्हरला दिले. त्याच दिवशी पाळीवरच्या कर्मचाऱ्याने गोदामातून स्कॅनर जोडून पाहिला आणि कोणतीही सूचना न येता तो जोडला गेला, कारण रूट त्याच्या ओळखीचाच होता.

आता लक्ष ठेवायचे ते मुदतीवर. सबऑर्डिनेटची मुदत आम्ही 5 वर्षे ठेवली आहे, आणि हा सीए स्वतःच्या मुदतीपलीकडे जाणारे सर्टिफिकेट देत नाही. सर्व्हरना आम्ही 1 वर्षाचे सर्टिफिकेट देतो, म्हणजे चौथे वर्ष संपले की पूर्ण वर्षाचे सर्टिफिकेट देता येणार नाही. तोच अर्ज पुन्हा डाउनलोड करून त्यावर रूटची नवी सही घेता येते आणि की बदलावी लागत नाही, म्हणून चौथ्या वर्षाच्या मध्यावर तिजोरी उघडण्याची नोंद आम्ही लेखा विभागाच्या नोंदवहीत आणि संगणक विभागाच्या कॅलेंडरवर, अशा दोन्ही ठिकाणी करून ठेवली आहे, आणि तिच्याशेजारी शहराचा रकाना असलेली धोरणाची फाइल कुठे ठेवली आहे तेही लिहिले आहे.