सोफियात गेंदॉवच्या मागावर

बल्गेरियाची राजधानी सोफियाला जाणारे बहुतेकजण आधी अलेक्झांडर नेव्हस्की कॅथेड्रल गाठतात. मी मात्र मारिया लुइझा रस्ता धरला, कारण बल्गेरियन सिनेमाचा पहिला नायक वासिल गेंदॉव इथेच पहिल्यांदा पडद्यावर दिसला. १३ जानेवारी १९१५ला याच रस्त्यावरच्या ‘मॉडर्न थिएटर’मध्ये ‘बल्गारान ए गालांत’ लागला. हा बल्गेरियाचा पहिला कथाचित्रपट. लेखन, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका, सगळं गेंदॉवचं. वय अवघं तेवीस!

एका बाजूला जुनं मार्केट, दुसऱ्या बाजूला बान्या बाशी मशीद, मधून खडखडत जाणाऱ्या ट्राम. मशिदीमागे जमिनीतून येणाऱ्या गरम पाण्याचे नळ आहेत. आजी-आजोबा ट्रॉलीतून पाच-पाच लिटरचे कॅन आणून भरत होते. मीही ओंजळभर प्यायलो. चांगलं कोमट होतं, जरा खनिजाची चव.

तिथेच उभं राहून त्या सिनेमाची गोष्ट डोळ्यांपुढे आणली. नटूनथटून निघालेला बल्गारान रस्त्यात एका बाईंवर छाप पाडायला जातो. बाई त्याच्याच पैशांनी जेवतात, खरेदीची गाठोडी त्याच्याच अंगावर लादतात आणि नवरा समोर आल्यावर याला हमाल ठरवून मजुरी देऊन मोकळ्या होतात! बाईंची भूमिका मारा लिपिनाची. मूकपटांतला फ्रेंच विनोदी नट मॅक्स लिंडर याच्या विनोदाची छाप त्यावर उघड आहे, पण ती थट्टा आपल्याच गावातल्या छानछोकी माणसाची करावी, हे गेंदॉवचं खरं धाडस. आज तो अख्खा चित्रपट बघायला मिळत नाही, थोडी छायाचित्रं तेवढी उरली आहेत. याची मला फार हळहळ वाटते. १९१७चा ‘ल्युबोव्ता ए लुदोस्त’, म्हणजे प्रेम हे वेडच, मात्र टिकला. त्यात त्याच्यासोबत पत्नी झाना गेंदोवा आहे. पुढच्या वाटचालीतही ती त्याच्या खांद्याला खांदा लावून होती, आणि तिचं नाव त्याच्याइतकंच घेतलं जायला हवं.

तिथून चालत वासिल लेव्हस्कीच्या स्मारकाशी गेलो. ग्रॅनाइटच्या स्तंभावर ब्राँझमधला त्याचा चेहरा, पायथ्याशी ताजी फुलं. तुर्की सत्तेविरुद्ध क्रांतीची गुप्त संघटना बांधणाऱ्या लेव्हस्कीला १८७३मध्ये सोफियातच फाशी दिलं. १९३३मध्ये गेंदॉवने बल्गेरियाचा पहिला बोलपट केला, ‘बुंत ना रोबिते’, म्हणजे गुलामांचं बंड, आणि त्यात लेव्हस्की उभा केला तो स्वतःच. बाईंची गाठोडी वाहणारा नट अठरा वर्षांनी देशाच्या सर्वांत लाडक्या हुतात्म्याच्या भूमिकेत! मला त्याच्या कारकिर्दीतलं हेच सर्वांत मोठं वाटतं. देशात चित्रपटधंदा असा नव्हताच, त्यामुळे भूमिका हवी तर आधी चित्रपट उभा करायचा, असं त्याने वर्षानुवर्षं केलं. १९३७पर्यंत अकरा चित्रपट झाले.

सोफियात एक संध्याकाळ हाताशी असेल तर पात्रिआर्ख एव्तिमी रस्त्यावरच्या ‘ओडिऑन’ची पाटी जरूर बघा. ते राष्ट्रीय चित्रपट-संग्रहालयाचं थिएटर आहे, जुने चित्रपट तिथे मोठ्या पडद्यावर लागतात. जानेवारीत जाणार असाल तर १३ तारीख साधा. गेंदॉवच्या त्या पहिल्या खेळाची तारीख बल्गेरियात सिनेमाचा दिवस म्हणून पाळतात.