तुझा खांदा हलतो

"वयाच्या मानाने उत्तम आहे हो तुमचं ऐकणं." 2023 साली ठाण्यातल्या एका शिबिरात हे वाक्य मी ज्या बाईंना तोंडभरून ऐकवलं होतं, त्याच बाई दोन वर्षांनी नौपाड्यातल्या माझ्या क्लिनिकचा जिना चढून वर आल्या. बरोबर भाचेसून. तिच्या हातात मेंदूच्या डॉक्टरांची चिठ्ठी. चिठ्ठीत दोनच ओळी होत्या: स्मरणशक्तीच्या चाचणीत, ऐकवलेले शब्द परत म्हणताना बऱ्याच चुका झाल्या, पुढे जाण्याआधी श्रवणचाचणी करून घ्यावी.

मी ऑडिओलॉजिस्ट आहे. डॉक्टर नाही, पण इथे हा फरक समजावत बसलं तर दिवसाला दोनच पेशंट होतील, म्हणून डॉक्टर म्हटलं तरी ओ देते.

बाईंना चेहऱ्याने ओळखत नाही असा मराठी माणूस विरळा. नाव मात्र पटकन कुणाला आठवत नाही. पन्नास वर्षं कामं करूनही अशी ओळख वाट्याला येणाऱ्या नट्या आपल्याकडे पुष्कळ आहेत. आमच्या काउंटरवरच्या मुलीने विचारलं, "तुम्ही त्या मालिकेतल्या आजी ना?" त्यांनी एक क्षण तिच्या ओठांकडे बघितलं आणि म्हणाल्या, "होते. सध्या काशीला गेलेय."

हे लिहायला त्यांची परवानगी आहे. नाव टाकायची नाही. "आधीच कामं कमी, त्यात बहिरी म्हणून छाप बसला की संपलंच," असं त्यांचं म्हणणं. म्हणून नुसतं ताई.

आमचा बूथ म्हणजे आवाजबंद केलेली एक खोली. पेशंट आत हेडफोन लावून बसतो, मी बाहेर मशीनपाशी, मध्ये काच. अगदी बारीक सूर जरी ऐकू आला तरी हातातलं बटण दाबायचं, एवढंच पेशंटचं काम. साधी माणसं इथे गोंधळतात. दाबू की नको करतात, कुणी दर वेळी दाबून "सॉरी" म्हणतात. ताईंचं तसं काहीच नव्हतं. मी सूर द्यायचा, त्यांनी दाबायचं. इतकं चोख, की तिथेच मला शंका यायला हवी होती.

हर्ट्झ म्हणजे सुराची पट्टी, डेसिबल म्हणजे आवाजाचा जोर; ऐकायला जितके डेसिबल जास्त लागतील तितका कान कमी. 4000 हर्ट्झला, वरच्या पट्टीत आले. 40 डेसिबलला बटण. 35 ला बटण. पुढचा सूर द्यायला मी हात उचलला, तेवढ्यात चष्मा घसरला म्हणून तो सावरला आणि सूर द्यायचा राहिला.

आतून बटण दाबलं गेलं.

मी पुन्हा हात नुसताच मशीनकडे नेला, सूर न देता. पुन्हा बटण. दार उघडून आत गेले आणि म्हटलं, "ताई, मी आवाज दिलाच नव्हता."

त्या जराशा ओशाळल्या. मग म्हणाल्या, "तुझा खांदा हलतो गं. उजवा. देण्याआधी किंचित वर जातो."

पेशंटला तपासणाऱ्याचे हात दिसू नयेत आणि सूर एकाच लयीत देऊ नयेत, हे वांद्र्याच्या अलीयावर जंग संस्थेत आम्हाला पहिल्याच महिन्यात शिकवलं होतं. माझी खोली लहान, खुर्ची काचेसमोरच राहते, आणि इतकी वर्षं कुणी माझ्या खांद्याकडे बघितलं नव्हतं. शिबिरात तर बूथही नव्हता. टेबलापलीकडे त्या, अलीकडे मी आणि माझा खांदा. 'उत्तम आहे' ते तिथून आलं होतं. त्या एका वाक्यामुळे त्यांची दोन वर्षं गेली.

खुर्ची पाठमोरी फिरवली आणि पहिल्यापासून सुरुवात केली. बराच वेळ बटण वाजेना. 60 डेसिबलला 4000 चा सूर चालू होता. बाजूला उभ्या असलेल्या भाचेसुनेच्याही कानावर हेडफोनमधून त्याची बारीक किणकिण येत होती. ताईंनी मान वळवून विचारलं, "सुरू केलंस का?"

ग्राफ निघाला तो घाट उतरल्यासारखा. 250 आणि 500 हर्ट्झला 20-25 डेसिबल, म्हणजे ठणठणीत. 1000 ला 35. 2000 ला 55. 4000 ला 70. दोन्ही कान जवळपास सारखेच. म्हातारपणी बहुतेकांचं असंच होतं. घरचे म्हणतात, "हवं ते बरोबर ऐकू येतं हिला," आणि तिथे भांडणं होतात. कारण आवाज ऐकू येतो, शब्द येत नाही. स्वरांचा जोर खालच्या पट्टीत असतो, तो शाबूत. स, श, फ, थ, ख यांची जान वरच्या पट्टीत, तीच गेलेली.

मग शब्दांची चाचणी. काचेतून माझा चेहरा दिसत असताना 25 पैकी 23 शब्द बरोबर. तीच पातळी ठेवून तोंडासमोर फाइल धरली आणि दुसरी यादी वाचली, तर 25 पैकी 12. 'सात'चं 'हात' झालं, 'शाळा'चं 'काळा'. 'थाळी' म्हटलं तर आतून उत्तर आलं, "टाळी." काना-मात्रा सगळं जागच्या जागी, अक्षरं तेवढी बदललेली. आणि प्रत्येक चुकीचा शब्दसुद्धा इतक्या स्वच्छ, ठाम आवाजात, की घटकाभर मलाच वाटावं आपण 'टाळी' म्हटलं की काय.

मेंदूच्या डॉक्टरांनी तोंडी शब्द सांगून लक्षात ठेवायला लावले होते. जो शब्द पोचलाच नाही तो परत कसा म्हणणार? विसरण्याचा आजार नाहीच असं सांगणं माझ्या अखत्यारीत नव्हतं, तो निर्णय त्यांचाच. पण त्या परीक्षेतला निम्मा पेपर कानानेच खाल्ला होता, हे मी लेखी दिलं.

मला खरं कोडं पडलं होतं ते वेगळंच. हा उतार दोन-चार वर्षांत तयार होत नाही. मग या बाई रंगमंचावर उभ्या कशा राहत होत्या?

पुढचा पेशंट आला नव्हता. ताईंनी चहा मागवायला लावला आणि सांगायला लागल्या.

जन्म परळच्या चाळीतला, वडील गिरणीत. कामगार कल्याणच्या नाट्यस्पर्धेत बदली मुलगी हवी होती म्हणून सतराव्या वर्षी उभं केलं. नंतर राज्य नाट्य स्पर्धा. 1974 साली हौशी संस्थेच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'मध्ये त्यांनी बेणारे केली. रंगायनने 1967 मध्ये हे नाटक आणलं तेव्हा सुलभा देशपांड्यांनी जी उभी केली, तीच भूमिका. "सुलभाताईंचं पाहिलं होतं, म्हणून तर भीती. पण शेवटचं ते लांबलचक स्वगत आहे ना, तिथे मजा. कुणाचं ऐकायचंच नाही, आपणच बोलायचं." आणि स्वतःच हसल्या.

मग वरळीला दूरदर्शनच्या स्टुडिओत बारीकसारीक कामं, छबिलदासच्या हॉलमध्ये दोन नाटकं. "तिथे प्रेक्षक हाताच्या अंतरावर. आवाज फेकला की पहिली रांग दचकायची." त्यानंतर व्यावसायिक. 1978 मध्ये तलावपाळीला गडकरी रंगायतन झालं. पुढच्याच वर्षी तिथे त्यांचा पहिला प्रयोग लागला, तेव्हा दादरहून ठाण्याला जायचं म्हणजे दौराच वाटायचा. आता राहतात पाचपाखाडीत. त्या काळात दिवसा बस, रात्री प्रयोग, हातात नाइट, म्हणजे त्या प्रयोगाचे पैसे. कुणी नटी अडली की रिप्लेसमेंट म्हणून यांना फोन, दोन दिवसांत अख्खी भूमिका तयार. सिनेमात आई, काकू, विधवा नणंद. मधली काही वर्षं एका नायिकेला आवाजही दिला, तिचं मराठी कच्चं होतं म्हणून.

इथे मी त्यांना थांबवलं. डबिंग कसं करायचात?

"लूप लावायचे गं. फिल्मचा तोच तुकडा फिरत राहतो. तिचे ओठ मिटले की आपला 'म' पडला पाहिजे. दिवसदिवस नुसते ओठ बघायचे."

म्हणजे ओठ वाचायची तालीम त्यांना तिशीतच मिळाली होती, कान चांगले असताना. पण ओठांवर सगळं दिसत नाही. प, ब, म तिन्ही सारखेच दिसतात. क, ख, ग तर घशात होतात, दिसतच नाहीत. उरलेलं कुठून भरायच्या?

"पाठांतरातून," त्या म्हणाल्या, जणू मी काहीतरी बावळट विचारलं होतं. "महिनाभर तालीम असते. मला माझेच नाही, सगळ्यांचे संवाद पाठ. समोरचा बोलतोय ते ऐकायचं कशाला? तो श्वास कुठे घेतो ते कळलं की झालं. वाक्य संपलं की नटाची मान सुटते, बघ कधी. ती सुटली की माझा क्यू."

कधीपासून असं, हे त्यांना सांगता येईना. दहा वर्षं तरी. फसगत एकदाच झाली, पण ती महागात पडली. एका नाटकात समोरच्या नटाने अख्खं पान उडवलं आणि पुढच्या प्रसंगावर गेला. त्याची मान सुटली, यांनी पाठ असलेलं मूळ उत्तर दिलं. तो म्हणत होता "पोलीस आलेत", या म्हणाल्या "मग त्यांना जेवायलाच थांबवा". लाफ्टर एवढा मोठा आला की प्रयोग दोन मिनिटं थांबला. पान उडवलं त्याने आणि गाळलं यांना. पंधरा दिवसांत रिप्लेसमेंट आली. जन्मभर दुसऱ्यांच्या जागी उभ्या राहिलेल्या बाईच्या जागी कुणी उभं राहण्याची ती पहिलीच वेळ. हे सांगताना त्या कपातल्या चहाकडे बघत होत्या, म्हणजे माझं काहीच ऐकत नव्हत्या. आता मला ते कळायला लागलं होतं.

मग मालिका. घोडबंदर रोडला सेट, घरापासून जवळ, काम आजीचं. वरवर पाहिलं तर नाटकापेक्षा सोपं. पण तिथे तालीम नाही. सीन सकाळी हातात येतो, सेटवर त्यातली चार वाक्यं बदलतात, आणि बदललेलं वाक्य कॅमेऱ्यामागून असिस्टंट मुलगा ओरडून देतो. तो कागदात बघून बोलतो, त्याचे ओठ दिसत नाहीत. क्लोजअपच्या वेळी समोरची नटी मेकअपरूममध्ये गेलेली असते, तिची वाक्यंही तोच मुलगा सपाट वाचतो. श्वास नाही, मान सुटणं नाही. ज्या ज्या गोष्टींवर ताई उभ्या होत्या त्या सगळ्या काढून घेतल्यासारखं. सातव्या-आठव्या टेकला कुणीतरी मागे म्हणालं, आजींचं पाठांतर गेलं. ते मात्र त्यांनी ओठांवरून वाचलं.

"आधी वाक्यं कमी केली. मग एक दिवस सीन आला, त्यात सगळे माझ्या पाया पडतायत. आजी काशीयात्रेला निघाल्या. अजून परत आणलेलं नाही."

घरी येऊन स्वतःच्याच जुन्या नाटकांचे संवाद म्हणून बघायच्या, रात्री, दार लावून. येत होते. तरी विश्वास बसेना. म्हणून भाचेसुनेला सांगितलं, मला डोक्याच्या डॉक्टरकडे ने.

ट्रायलसाठी कानामागचं मशीन लावलं, बारीक तारेचं. पहिल्यांदा लावलं की बहुतेक जण पंख्याबद्दल तक्रार करतात, नाहीतर रस्त्यावरच्या हॉर्नबद्दल. ताई उठून उभ्या राहिल्या, दोन पावलं चालल्या आणि थबकल्या. साडीचा सळसळाट. पुन्हा दोन पावलं. मग पिशवीतला सीनचा जुना कागद काढून तो कानाजवळ चुरगाळला. आणि बोलल्या तेव्हा दचकल्या: "हा माझा आवाज? इतका पितळी?" पहिल्या दिवशी तसं वाटतंच. आठ-दहा दिवसांत सवय होते, असं मी सांगितलं. त्यांना पटल्याचं दिसलं नाही.

तोच कागद माझ्या हातात देऊन म्हणाल्या, "तोंडावर फाइल धर आणि सुनेची वाक्यं वाच. त्या असिस्टंटसारखी, अगदी मेल्यासारखी." मी वाचली. एक वाक्य मुद्दाम बदललं. त्या थांबल्या, अर्धा सेकंद, आणि बदललेल्या वाक्याला साजेसं उत्तर कागदावर नसताना दिलं. भाचेसून रडायला लागली. ताईंचं तिकडे लक्ष नव्हतं. "तू 'आई'नंतर कशाला थांबतेस? तिथे पूर्णविराम आहे का?" मला म्हणाल्या.

सगळं गोड झालं असं नाही. अंबाडा बांधून बघितला तर केस मशीनवर दाबून शिट्टी वाजली. नाटकातला केसांचा टोप लावला तर काय होईल, हा प्रश्न मला आजवर कुणी विचारला नव्हता. उत्तर माझ्याकडेही तयार नव्हतं. टोप आणि हेअरड्रेसर दोघांना घेऊन या म्हटलं. किंमत ऐकल्यावर त्या बराच वेळ गप्प बसल्या. दोन्ही कानांना लावलं तरच गोंगाटात नीट ऐकू येतं, हे मी माझ्या नेहमीच्या पद्धतीने समजावलं.

"सध्या एकच दे. दुसरं काशीहून आल्यावर."

एकच घ्यायचं तर कुठल्या कानाला, म्हणून मी दोन्ही बाजूंचे शब्दांचे गुण पुन्हा पाहिले. उजव्या कानाला एक गुण जास्त होता, तसं म्हटलं. त्यांनी मान हलवली.

"डाव्याला लाव. आमचा प्रॉम्प्टर कायम डाव्या विंगेत असायचा. त्या कानाला सवय आहे."

एका गुणाने काही बिघडत नव्हतं. मी डाव्याला लावलं.