जिनवेश्म, जिनवेश्म

चौदा वर्षं मी बी. ए.च्या वर्गाला एक अर्धा श्लोक शिकवत आले. अर्धाच, कारण परीक्षेला तेवढाच लागतो. ‘स विजयतां रविकीर्तिः कविताश्रितकालिदासभारविकीर्तिः’. कर्नाटकातल्या ऐहोळेचा शिलालेख, शके ५५६, म्हणजे इ. स. ६३४-३५. त्यात कालिदास आणि भारवी यांची नावं आहेत, सबब दोघंही त्याआधीचे. पाच मार्कांची टीप. यात लेख रचणारा रविकीर्ती कोण, तर साक्षीदार. तारीख सांगायची आणि पिंजऱ्यातून उतरायचं.

गेल्या हिवाळ्यात बावीस मुलं घेऊन बदामी-पट्टदकल-ऐहोळे अशी सहल नेली. ऐहोळ्याला सगळे दुर्ग मंदिरापाशीच रमतात. मेगुटीच्या टेकडीवर चढायला नाखूशच असतात. ‘मेलिन गुडी’, वरचं देऊळ, त्याचं मेगुटी झालं म्हणतात. मी हट्टाने सकाळी चढवलं, कारण लेख पूर्वेच्या भिंतीवर आहे आणि अक्षरं उन्हातच उठून दिसतात.

आधी पोरांना ‘महाराष्ट्र’ हवा होता. बसमध्ये मीच सांगून ठेवलं होतं, की चालुक्य राजा पुलकेशी दुसरा हा नव्याण्णव हजार गावांच्या तीन ‘महाराष्ट्रकां’चा अधिपती झाला असं रविकीर्ती लिहितो. लेखाच्या छापील पाठाची झेरॉक्स हातात धरून सगळे भिंतीला डोळे लावून. ते जुन्या दाक्षिणात्य वळणाचं अक्षर आमच्यापैकी कुणालाच नीट वाचता येत नव्हतं. मलाही नाही, अक्षरओळखीचा तक्ता समोर ठेवून चाचपडण्याइतकंच. जतची एक मुलगी मात्र घरी कन्नड बोलते, शाळेत दोन्ही लिप्या शिकलेली. तिने ‘ग’ची कमान ओळखली आणि मग तक्त्यावरून एकेक करत बरीच पुढे गेली. तिला ‘महाराष्ट्रकाणां’ सापडलं तेव्हा मुलांनी असा गलका केला की रखवालदार धावत आला.

तोवर मी पुलकेशीने हरवलेल्या कनौजच्या हर्ष राजाचा श्लोक सांगत होते. नर्मदेकाठी हत्ती पडले आणि ‘भयविगलितहर्षो येन चाकारि हर्षः’, ज्याने हर्षाचाच हर्ष भीतीने गळवला. दरबारी कवीचं काम असंच. लढाई राजाने मारायची आणि शत्रूच्या नावावर कोटी करून ती याने पक्की करायची. पण रविकीर्ती नुसता पदरी पडलेला कवी नाही. सत्याश्रयाची, म्हणजे पुलकेशीची, पुरेपूर मर्जी मिळवली आणि हे दगडी जिनमंदिर बांधवलं, असं तो सांगतो. प्रशस्तीचा कर्ता आणि मंदिराचा कारयिता, म्हणजे करवून घेणारा, दोन्ही ‘रविकीर्तिः कृती स्वयम्’. स्वतःच्या भिंतीवर स्वतःच्या सदतीस श्लोकांची प्रशस्ती. आजच्या भाषेत फ्लेक्स म्हणाल, पण फ्लेक्सवर इतकं छंदशुद्ध कोण लिहितं?

साडेअकराला ऊन भिंतीला घासून उतरायला लागलं. मुलं मागच्या बाजूचे महापाषाणी दगड बघायला पळाली होती. ती जतची तेवढी शेवटच्या श्लोकापाशी उभी. हात न लावता, हवेतच बोट फिरवत होती.

“मॅडम, इथे कोरणाऱ्याची चूक झालीय बहुतेक.”

“कुठे?”

“ही चार अक्षरं दोनदा आलीत. जि, न, वे, श्म. आणि थोडं पुढे परत जि, न, वे, श्म.”

मी झेरॉक्स बघितली. ‘येनायोजि नवेऽश्मस्थिरमर्थविधौ विवेकिना जिनवेश्म’. जिनवेश्म, जिनाचं घर, एकदाच तर आहे. “एकदाच आहे गं,” म्हटलं. ती म्हणाली, “कागदावर एकदाच आहे.”

मग मला दिसलं. दगडावर शब्द तोडलेले नाहीत, गळलेला ‘अ’ दाखवणारा अवग्रहही (ऽ) नाही. ‘आयोजि नवेऽश्म’ हे सलग कोरलं की त्यातूनच ‘जिनवेश्म’ उभं राहतं. ‘अश्म’ म्हणजे दगड, तो दगडातच विरघळून देऊळ झालेला. छापणाऱ्याने आमच्या सोयीसाठी एक जागा सोडली, एक चिन्ह घातलं, आणि गंमत बुजली.

तिथेच उभ्याने मात्रा मोजल्या. पहिला चरण ‘नवेऽश्म’वर संपतो, दुसरा ‘जिनवेश्म’वर. तिसरा ‘रविकीर्तिः’वर. आणि चौथा? माझाच तो अर्धा श्लोक, शेकडो वेळा फळ्यावर लिहिलेला. ‘कालिदास-भारवि-कीर्तिः’ असं पेन्सिलीने तोडून द्यायची सवय. न तोडता वाचला तर भारवीच्या पोटात रविकीर्ती बसलेला. भा-रविकीर्तिः. कालिदास-भारवींची कीर्ती आपण कवितेने मिळवली, एवढंच तो म्हणत नाही. भारवीची कीर्ती म्हणताना आपलं नाव आपोआप निघतं हे दाखवतो. बढाईच आहे, पण करून दाखवलेली. भारवी म्हणजे यमकांनी (तीच अक्षरं, अर्थ वेगळा) आणि चित्रबंधांनी, अक्षरांच्या आकृत्यांनी, ‘किरातार्जुनीया’चा पंधरावा सर्ग भरवणारा कवी. त्याच्याशी बरोबरी सांगायची ती यमकातच!

आणि मी काय शिकवत होते, तर काळाची उत्तर मर्यादा, ‘त्याआधीचे’ एवढंच.

“म्हणजे चूक नाही ना?” मुलीने विचारलं.

“चूक आहे. माझी.”

ती हसली. मग म्हणाली, “याचं दुसरं काय आहे वाचायला?” मी सांगितलं, की आपल्या हाती त्याचं एवढंच आहे, ही भिंत. तिला ते खरं वाटेना. कालिदासाशी तुलना करणाऱ्या माणसाचे सदतीसच श्लोक? कालिदासाच्या नावाला टेकून हा उभा राहिला, आणि कालिदासाचा काळ ठरवताना आपण याच्या भिंतीला टेकतो, असं काहीतरी मी बोलले. तिने ते वहीत उतरवलं नाही. फोटो काढत राहिली, त्याच चार अक्षरांचे.

यंदा पहिल्याच तासाला श्लोक पूर्ण लिहिला, एकही जागा न सोडता, फळ्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. “मॅडम, तोडून द्या ना,” मागच्या बाकावरून लगेच आलं.