सगळे आहेत ना?

बडोद्यात दांडिया बाजारातल्या एका जुन्या वाड्याच्या माडीवर रविवारी सकाळी मराठी वाचनवर्ग भरतो. मुलं नऊ ते बारा वर्षांची. घरी मराठी, शाळा गुजराती नाहीतर इंग्रजी माध्यमाची. जुलै लागला की मी त्यांच्यासोबत रे ब्रॅडबरी यांची 'ऑल समर इन अ डे' ही कथा वाचते. मूळ कथा इंग्रजी, १९५४ साली छापून आलेली. वाचता वाचता मी ती मराठीत सांगते. पावसाळाच निवडते, कारण खेळायला जाता येत नाही म्हणून वैतागलेल्या मुलांना ही गोष्ट पहिल्या दोन मिनिटांत कळते.

कथा शुक्रावरची. तिथे सात वर्षं सतत पाऊस आणि मग जेमतेम दोन तास ऊन. पृथ्वीवरून जाऊन तिथे वसलेल्या लोकांची मुलं जमिनीखालच्या शाळेत शिकतात. सगळी नऊ वर्षांची. मागच्या वेळी ऊन पडलं तेव्हा ती दोन वर्षांची होती, त्यामुळे कुणालाच सूर्य आठवत नाही. मार्गो मात्र चार वर्षांची होईपर्यंत ओहायोत वाढलेली. तिला आठवतो. ती सूर्यावर कविता करते, गप्प राहते, खेळात मिसळत नाही. ऊन पडायच्या थोडं आधी, बाई वर्गात नसताना, मुलं तिला ओढत नेऊन एका कपाटात कोंडतात.

वर्गात ही कथा घ्यायची तर शुक्राचं आधी उरकून घ्यावं. खगोलाची आवड असलेलं एखादं मूल प्रत्येक वर्गात असतं आणि ते दुसऱ्याच वाक्याला हात वर करतं. कमाटीबागेतलं प्लॅनेटेरियम पाहिलेली मुलं तर हमखास. म्हणून पहिली पाच मिनिटं खऱ्या शुक्राची. पृष्ठभागाचं तापमान सुमारे ४६५ अंश सेल्सिअस, म्हणजे शिसं वितळून वाहील इतकं. हवेचा दाब आपल्या नव्वद पट. ढग गंधकाम्लाचे, आणि त्यांचा पाऊस जमिनीपर्यंत पोचतच नाही, वरच्या वर वाफ होऊन जातो. १९५४ साली यातलं फारसं ठाऊक नव्हतं. दुर्बिणीतून दिसायचे ते फक्त ढग, आणि ढग म्हणजे पाणी असणार असं कथाकारांनीच काय, काही शास्त्रज्ञांनीही धरलं होतं. १९६२ च्या डिसेंबरात मरिनर २ हे यान शुक्राजवळून गेलं आणि तो भट्टीसारखा तापलेला असल्याचं नक्की झालं. १ मार्च १९८२ रोजी तिथे उतरलेलं सोव्हिएत व्हेनेरा १३ हे यान १२७ मिनिटं टिकलं. कथेतलं ऊनही साधारण तितकाच वेळ टिकतं, हे सांगितलं की मुलं खूष होतात आणि विज्ञानाची शंका बाजूला ठेवून गोष्ट ऐकायला बसतात.

मोठ्याने वाचायला ही कथा पंधरा-वीस मिनिटांची, पण मी ती तीन ठिकाणी थांबवते.

पहिला थांबा कोंडण्याच्या आधी. मार्गोवर मुलांचा राग कशाकशासाठी आहे ते कथेतून शोधायचं. मुलं सांगतात आणि मी फळ्यावर लिहिते: ती बोलत नाही. शिवाशिवी खेळत नाही. शाळेच्या न्हाणीघरात डोक्यावर पाणी पडू देईना. तिचे आईवडील तिला पृथ्वीवर परत नेणार असं म्हणतात. तिला सूर्य आठवतो. मग समोर दुसरा रकाना: यात कुणाचं काय बिघडलं? हा रकाना कोरा राहतो. कोरा का राहिला ते मी सांगत नाही. मुलं बराच वेळ फळ्याकडे बघतात, तेवढं पुरतं. आपल्याला कधी मिळालंच नाही ते हिला आधीच मिळून गेलंय, ही कथेतल्या मुलांची खरी जळजळ आहे. दहा वर्षांच्या मुलांना ती नेमकी ओळखू येते, कारण धाकटं भावंड, नवी सायकल, परदेशातला मामा, हे सगळं त्यांच्या घरी असतंच.

दुसरा थांबा कपाटापाशी. इथे एक पथ्य मी कटाक्षाने पाळते: हा प्रसंग मुलांकडून करून घ्यायचा नाही. शिबिरांमध्ये 'चला, नाटुकलं बसवू' म्हणतात. पण मार्गो कोण होणार हे विचारलं की वर्गातले सगळे डोळे क्षणात एकाच मुलाकडे वळतात. वर्गाला ते आधीच माहीत असतं, आणि शिक्षकाने विचारून त्यावर शिक्का मारलेला असतो. त्याऐवजी मी कागदाच्या पट्ट्या वाटते. क्रिस्टिना सॅल्मिव्हॅली या फिनलंडमधल्या मानसशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९६ मध्ये दाखवून दिलं की वर्गातल्या छळात सहा प्रकारची मुलं असतात: सोसणारं, छळणारं, त्याला हात देणारी, हसून चढवणारी, बाजूला राहणारी आणि मध्ये पडणारी. प्रत्येक गटाने आपल्या पट्टीवरची भूमिका कथेत कोण करतंय ते शोधायचं. धक्का देणारा विल्यम लगेच सापडतो. ओढणारे सापडतात, कपाटातून येणाऱ्या हाका ऐकून हसत निघून जाणारे सापडतात. 'मध्ये पडणारा' ही पट्टी ज्या गटाकडे असते तो गट पुन्हा पुन्हा पानं उलटतो आणि शेवटी पट्टी परत आणून देतो. कथेत असं कुणीच नाही.

मग मी त्यांना कॅनडातल्या शाळांच्या मैदानांवर केलेल्या एका अभ्यासाबद्दल सांगते. तो २००१ मध्ये प्रसिद्ध झाला. चित्रीकरण तपासताना दिसलं की सोबतचं एखादं मूल मध्ये पडलं, तर निम्म्याहून जास्त वेळा छळ दहा सेकंदांच्या आत थांबला. दहा सेकंद म्हणजे किती, ते घड्याळ लावून मोजतो. शांत बसून मोजलं तर दहा सेकंद बराच वेळ असतो.

तिसरा थांबा माझ्या मते कथेतला सगळ्यात महत्त्वाचा, आणि वाचणाऱ्यांच्या नजरेतून बहुधा तोच निसटतो. बाई वर्गात येतात, घड्याळ बघतात आणि विचारतात, सगळे आहेत ना? मुलं एका सुरात हो म्हणतात. बस. दार उघडतं आणि सगळी उन्हात धावतात. बाई दुष्ट नाहीत, आळशीही नाहीत. त्यांनी प्रश्न घोळक्याला विचारला आणि उत्तर घोळक्याने दिलं. जे मूल नाही त्याच्याबद्दल घोळका 'हो'च म्हणणार, कारण त्याला नाही म्हणणारं कुणी उरलेलंच नसतं. सहलीला, मैदानावर, बसमध्ये चढताना आपण हेच करतो. म्हणून डोकी मोजावीत, आणि त्याहून बरं म्हणजे नावाने हाक मारून प्रत्येकाचा आवाज ऐकावा. बावीस नावांना एक मिनिटही लागत नाही.

गेल्या जुलैतल्या एका रविवारी असंच झालं. दुसऱ्या थांब्यानंतर मधली सुट्टी होती. लीलो चेवडो वाटून झाला होता. सकाळपासून धरलेला पाऊस अचानक थांबला आणि चौकात लख्ख ऊन पडलं. मुलं जिन्यावरून धडधडत खाली गेली. मी उंबऱ्यात उभं राहून नावं घ्यायला लागले. एका नावाला 'ती आहे ने' असं दोन-तीन जणांनी परस्पर उत्तर दिलं. तिचा स्वतःचा आवाज आला नाही.

ही मुलगी कोल्हापूरहून आलेली, वडिलांची बदली झाली म्हणून. तिची मराठी तिकडची, मोकळी आणि ठसक्यात. 'लई' हा शब्द तिच्या तोंडी सारखा यायचा आणि त्यावरून तिचं टोपणनाव पडलं होतं. रंकाळा, तिथली भेळ, शाळेमागचं मैदान, हे तिच्या बोलण्यात वारंवार यायचं, आणि मुलं म्हणायची, मग जा ने परत तिकडेच. बडोद्याच्या मराठी घरांत पिढ्यान् पिढ्या रुळलेलं बोलणं वेगळं, त्यात गुजरातीची लय. त्या बोलण्यावरून ही मुलं महाराष्ट्रातल्या भावंडांच्या लग्नात स्वतः टोमणे ऐकून आलेली असतात. हे ध्यानात ठेवलं की त्यांचं वागणं माफ होत नाही, पण कुठून आलं ते कळतं.

ती जिन्याच्या शेवटच्या पायरीवर अनवाणी उभी होती. तिच्या चपला कुणीतरी जिन्याखालच्या वीजमीटरच्या पेटीवर टाकल्या होत्या. तिचा हात पोचत नव्हता, आणि चौकात चिखल होता.

अशा वेळी काय करायचं याचा क्रम मला स्पष्ट आहे, आणि तो मी त्या दिवशी पाळला. आधी चपला काढून दिल्या, बाकी काही न बोलता. मग तिला विचारलं, खाली जायचंय की वर माझ्यासोबत बसायचंय? निवड तिची. ती खाली गेली. 'कुणी केलं?' असं सगळ्यांसमोर विचारलं नाही. त्या प्रश्नाने चार मुलं एकाच मुलाकडे बोट दाखवतात, ते मूल नाकारतं, आणि ज्याच्यासाठी हे चाललंय ते मूल मधोमध उभं राहून सगळ्यांचं बघणं सोसतं. बळेच 'सॉरी' म्हणायला लावणं आणि हातात हात द्यायला लावणं तर त्याहून वाईट. सोसणाऱ्याला तिथे 'असू दे' म्हणावंच लागतं, आणि पुढच्या वेळी तक्रार करायची त्याची वाट बंद होते.

वहीत लगेच नोंद केली: तारीख, वेळ, काय दिसलं, कोण कुठे उभं होतं. अंदाज नाही, फक्त पाहिलेलं. वर्ग सुटल्यावर त्या तीन-चार मुलांशी एकेकाशी वेगळं बोलले, प्रत्येकाशी तेच: चपला वर होत्या, तिला उतरता आलं नाही, तू कुठे होतास? एकेकट्याला विचारलं की मुलं बहुतेक वेळा खरं सांगतात. एकाने टाकल्याचं कबूल केलं. दुसरा म्हणाला, मी फक्त बघत होतो. तिच्या आईला त्याच संध्याकाळी फोन केला, मुलाच्या आईला दुसऱ्या दिवशी. दोघींना एकत्र बसवलं नाही. पालक समोरासमोर आले की मुलांचं राहतं बाजूला आणि घराण्यांची उजळणी सुरू होते.

आता कथेचं. सुट्टी संपून मुलं वर आली तेव्हा तिसरा थांबा बाकी होता. कपाट बंद होतं आणि मार्गो आत होती. पुढे वाचलं असतं तर परिणाम जबरदस्त झाला असता हे मला दिसत होतं. मी वाचलं नाही. पुस्तक मिटलं आणि उरलेला अर्धा तास आम्ही शुक्राचा दिवस काढला. तो स्वतःभोवती उलटा फिरतो, म्हणून तिथे सूर्य पश्चिमेला उगवतो, आणि एका सूर्योदयापासून दुसऱ्यापर्यंत पृथ्वीचे सुमारे ११७ दिवस जातात. मुलांनी एकाला सूर्य आणि एकाला शुक्र करून खोलीभर गिरक्या घेतल्या.

न वाचण्याचं कारण असं. त्याच तासाला तो शेवट वाचला असता तर वर्गाने मान वळवून तिच्याकडे पाहिलं असतं, आणि ती कायमची मार्गो झाली असती. दया दाखवण्यासाठी का होईना, आणखी एक टोपणनाव चिकटलं असतं. गोष्टीतून मुलाला दुसऱ्याचं मन कळतं, ते गोष्ट आणि त्याचं स्वतःचं वागणं यांत थोडं अंतर असतं म्हणून. ताज्या प्रसंगावर गोष्ट आणून आपटली की ते अंतर जातं, आणि उरते फक्त शिक्षा. शिक्षक मित्रांना मी हे आवर्जून सांगते, कारण मोह फार मोठा असतो. वर्गात भांडण झालं की त्यावरची गोष्ट शोधायची आणि लगेच सांगायची, ही आपली जुनी सवय. ताज्या प्रसंगासाठी चपला काढून देणं, नोंद, फोन. गोष्ट त्याच्या आधी, नाहीतर बऱ्याच दिवसांनी.

शेवट मी तीन आठवड्यांनी वाचला. मधल्या रविवारी वेगळ्या कविता घेतल्या, आणि चपलांसाठी जिन्याखाली नावांच्या चिठ्ठ्या लावलेली फळी बसवून घेतली. कथेत पाऊस परत येतो, मुलं आत येतात, आता पुन्हा सात वर्षं का म्हणून विचारतात, आणि मग कुणाला तरी मार्गो आठवते. ती सावकाश कपाटापाशी जातात आणि दार उघडतात. कथा तिथेच संपते. १९८२ मध्ये यावर केलेल्या छोट्या चित्रपटात पुढे मुलं तिला फुलं देतात असं दाखवलंय. आमच्या वर्गातही दोघी-तिघींना फुलं द्यावीशी वाटली. मी हो-नाही काही म्हटलं नाही. एवढंच विचारलं: दुसऱ्या दिवशी सकाळी बाईंनी काय काय करावं? पाच ओळींत लिहा.

बऱ्याच जणांनी शिक्षा लिहिली, कपाटाला कुलूपच नको असं दोघांनी. चपला टाकणाऱ्या मुलाने लिहिलं की विल्यमची जागा बदलावी आणि त्याला रोज सगळ्यांची नावं घ्यायला लावावं. कोल्हापूरच्या मुलीने मार्गोबद्दल काहीच लिहिलं नव्हतं. तिच्या पाचही ओळी बाईंच्या घड्याळाबद्दल होत्या: बाईंनी घड्याळ आधी नको, मुलं आधी बघायला पाहिजे होती. खाली तिने एक प्रश्न जोडला होता. दोन तास ऊन असताना बाई स्वतः बाहेर गेल्या होत्या का? तो प्रश्न मी पुढच्या रविवारी फळ्यावर लिहिला आणि त्यावर तासभर वाद झाला. त्यात ती सगळ्यांत जास्त बोलली, तिच्या नेहमीच्या बोलीत.