शेमसला हाक मारली की हेमिश

हॅमिश मार्शल, हॅमिश बेनेट, हॅमिश रुदरफर्ड. न्यूझीलंडच्या सामन्यांची वर्णनं मराठी वर्तमानपत्रांत वाचणाऱ्यांना हे नाव चांगलं ओळखीचं आहे. नाव मूळचं स्कॉटलंडचं, आणि उच्चार ‘हॅमिश’ नाही तर ‘हेमिश’. ‘हे’ लांबवायचा, जोर त्याच्यावरच द्यायचा आणि ‘मिश’ पटकन उरकायचं. इंग्रजी ‘नेम’ या शब्दात ए अक्षराचा जो उच्चार होतो तोच इथेही होतो.

मार्शलचंच उदाहरण घेऊ, कारण त्यात या नावाची सगळी गंमत आहे. हॅमिश मार्शल आणि जेम्स मार्शल हे जुळे भाऊ, चेहऱ्याने हुबेहूब सारखे. २००५मध्ये ते न्यूझीलंडकडून कसोटी सामन्यात एकत्र खेळले. त्यांची नावंही एकच आहेत. जेम्सचं स्कॉटिश गॅलिक रूप शेमस, आणि शेमसला हाक मारली की होतं हेमिश. (स्कॉटलंडच्या या जुन्या भाषेला इथे, म्हणजे स्कॉटलंडमध्ये, ‘गॅलिक’ म्हणतात. ‘गेलिक’ म्हटलं की लोकांना आयर्लंडची भाषा वाटते.)

शाळेत आपण विभक्तीचा तक्ता पाठ केला, त्यातली शेवटची ओळ संबोधनाची. राम, पण हाक मारताना ‘रामा’. विठ्ठल, पण ‘विठ्ठला’. माणूसचं तर ‘माणसा’ होताना मधला ऊसुद्धा जातो. गॅलिकमध्येही संबोधन आहे, फक्त तिथे नावाची दोन्ही टोकं बदलतात. पहिल्यांदा नावाच्या आधी एक छोटासा ‘अ’ येतो, आपल्या ‘ए बाळा’मधल्या ‘ए’सारखा. मग पहिलं व्यंजन मऊ होतं. शेमसमधल्या ‘श’चा ‘ह’ होतो, आणि लिहिताना एस या अक्षरानंतर एच घालतात. शेवटी पुरुषाच्या नावाचं अखेरचं व्यंजन टाळूकडे सरकतं, म्हणजे ‘स’चा ‘श’ होतो. लिहिताना त्या शेवटच्या अक्षराच्या आधी आय घालतात. शेमस, अ हेमिश. ज्याला भाषा येत नाही त्याच्या कानाला तो अस्पष्ट ‘अ’ लागतच नाही. आई अंगणातून मुलाला हाका मारते आहे, ऐकणाऱ्याला ‘हेमिश, हेमिश’ एवढंच ऐकू येतं, आणि मुलाचं नाव तेच असणार असं त्याला वाटतं. एखाद्या परक्याने आळंदीच्या वाटेवर ‘विठ्ठला, विठ्ठला’ ऐकून देवाचं नाव वहीत ‘विठ्ठला’ असं लिहून घ्यावं, तसंच हे.

लेखी गॅलिकमध्ये हे संबोधन पाहिलं की बहुतेकांची चूक एकाच जागी होते. एस-एच दिसलं की इंग्रजीच्या सवयीने ‘श’ वाचला जातो आणि ‘शेमाईस’ असं काहीतरी तयार होतं. गॅलिकमध्ये एस-एच म्हणजे निव्वळ ‘ह’. याच्या उलट, साध्या एसनंतर ई किंवा आय आला की तो ‘श’ होतो, म्हणूनच शेमसच्या स्पेलिंगमध्ये एच नसूनही पहिला उच्चार ‘श’ आहे. एवढं एक सूत्र लक्षात ठेवलं तर इथल्या पाट्यांवरची निम्मी नावं वाचता येतात.

नियम हाताशी आला की इतर नावंही सुटतात. कॅलमला हाक मारायची तर ‘अ खलिम’. हा ख घशातला, ‘लॉख नेस’मधल्या लॉखच्या शेवटी येतो तो. ज्यॉर्जचं गॅलिक रूप श्योरस, त्याची हाक ‘अ ह्योरिश’. मात्र एसला टी, पी, एम किंवा सी-जी चिकटलेले असले तर मऊ होणं नाही. स्टीफनचा ‘स्ट’ हाक मारतानाही ‘स्ट’च राहतो. नाव स्वराने सुरू होत असेल, जसं अंगस, तर आधीचा ‘अ’ गळून जातो. पत्राचा मायनाही याच घडणीचा असतो. गॅलिकमधल्या कार्यालयीन पत्राच्या डोक्यावर ‘अ खरिच’ असतं, म्हणजे शब्दशः ‘मित्रा’.

व्याकरणाची आणखी एक बारीक गोष्ट, जी नावांच्या पुस्तकांत सहसा नसते. शेमसची षष्ठीही अशीच होते. ‘शेमसचं घर’ किंवा ‘शेमसचा मुलगा’ म्हणतानाही ‘हेमिश’ हाच उच्चार येतो, फक्त आधीचा ‘अ’ नसतो. उत्तर टोकाच्या केथनेस भागातलं गन घराणं आहे, त्याच्या प्रमुखाचा पारंपरिक किताब ‘मॅक हेमिश’, म्हणजे शेमसचा पुत्र. त्यामुळे जुन्या कागदात ‘हेमिश’ दिसलं की ती हाक आहे की ‘चा-ची-चे’ आहे, हे आजूबाजूचे शब्द पाहूनच ठरवावं लागतं.

अर्थ विचाराल तर तो गॅलिकमध्ये शोधून सापडणार नाही. मूळ हिब्रू, याकोव्ह. बायबलच्या उत्पत्तीच्या पुस्तकात इसहाकाला जुळे मुलगे होतात. थोरला एसाव आधी येतो, आणि धाकटा त्याची टाच हातात धरून बाहेर पडतो. हिब्रूत टाचेला ‘अकेव्ह’ म्हणतात, त्यावरून याकोव्ह, टाच धरणारा. पुढे तो थोरल्याचा जन्महक्क पटकावतो, म्हणून ‘दुसऱ्याची जागा घेणारा’ असाही अर्थ लावतात. ‘देव रक्षण करो’ हा तिसरा अर्थही काही अभ्यासक सांगतात, पण कथेत बसतो तो टाचेचाच. ग्रीकमध्ये याकोबोस, लॅटिनमध्ये याकोबुस, आणि उत्तरकालीन बोली लॅटिनमध्ये ‘ब’चा ‘म’ होऊन याकोमुस. त्या ‘म’च्या फांदीला इटालियन ज्याकोमो, स्पॅनिश हायमे आणि जुन्या फ्रेंचमधून आलेला जेम्स लागले. नॉर्मन लोकांनी जेम्स ब्रिटनमध्ये आणला, गॅलिक तोंडात त्याचा शेमस झाला. मराठी बायबलने हा सगळा फेरा वाचवला आहे. इंग्रजीत जुन्या करारातला जेकब आणि नव्या करारातला जेम्स ही दोन वेगळी नावं वाटतात. मराठीत दोघेही याकोबच, आणि जेम्सचं पत्र म्हणजे ‘याकोबाचे पत्र’. आपल्या शेजारचा याकूब आणि इथला हेमिश एकाच नावाचे आहेत, हे मराठी माणसाला इंग्रजापेक्षा लवकर पटतं.

स्कॉटलंडमध्ये हे नाव राजघराण्याने मोठं केलं. १४०६पासून १५४२पर्यंत गादीवर एकामागून एक पाच जेम्स बसले. त्यांतला चौथा जेम्स गॅलिक बोलत असे, आणि गॅलिक येणारा तो शेवटचा स्कॉटिश राजा मानला जातो. १५१३मध्ये फ्लॉडनच्या लढाईत तो पडला. सहावा जेम्स १६०३मध्ये इंग्लंडचाही राजा झाला, आणि याच जेम्सच्या काळात गॅलिकवर पहिला मोठा घाव बसला. १६०९च्या आयोना करारात हायलँड्स (उत्तरेकडचा डोंगराळ मुलूख) आणि बेटांवरच्या सरदारांकडून कबूल करून घेतलं की ज्याच्याकडे साठ गुरं आहेत त्याने थोरल्या मुलाला, मुलगा नसेल तर थोरल्या मुलीला, सखल प्रदेशात शाळेला पाठवून इंग्रजी लिहा-वाचायला शिकवावं. ज्यांच्या घरातले वारसच दुसऱ्या भाषेत वाढले, त्या घरांत कवी आणि शाहीर कोणासाठी ठेवायचे? सातव्या जेम्सची गादी १६८८मध्ये गेली. त्याच्या वंशासाठी लढणारे ते जॅकोबाइट, आणि हा शब्दही याकोबुसवरूनच आला. १६ एप्रिल १७४६ रोजी कलोडनच्या माळावर त्यांचा शेवट झाला.

पुढचा घाव कारकुनी होता, आणि नावांच्या दृष्टीने तोच जास्त खोल गेला असं आमचं ठाम मत आहे. १ जानेवारी १८५५पासून स्कॉटलंडमध्ये जन्म-मृत्यूची सरकारी नोंदणी सुरू झाली. वही इंग्रजीत. घरी शेमस असलेला मुलगा वहीत जेम्स झाला, इअन झाला जॉन. इथपर्यंत निदान नाव तरी तेच होतं. पण ज्या नावांना इंग्रजी जोड नव्हती, त्यांना इंग्रजीत रुळलेलं कुठलंही नाव लावलं गेलं. टॉर्मड नॉर्मन झाला, एअखन हेक्टर झाला, उश्ज्यन ह्यू झाला, गिलेस्पिक आर्चिबाल्ड झाला. यांच्या अर्थांचा एकमेकांशी काडीचाही संबंध नाही. १८७२च्या शिक्षण कायद्याने शाळा सक्तीची केली, आणि त्यात गॅलिकला जागाच ठेवली नाही.

म्हणून कोणाला स्कॉटिश पूर्वज शोधायचे असतील (मुंबई-पुण्यात अशी काही घराणी आजही आहेत) तर सरकारी संकेतस्थळ ‘स्कॉटलंड्सपीपल’वर थेट हेमिश किंवा शेमस टाकून थांबू नका. १८५५नंतरच्या नोंदींत जेम्स शोधा. हस्तलिखितात तो बऱ्याचदा जे-ए-एस असा तोडून लिहिलेला असतो, तेव्हा तेही डोळ्यांसमोर असू द्या. १८५५आधीचं काही हवं असेल तर चर्चच्या जुन्या वह्या त्याच ठिकाणी आहेत, सगळ्यात जुनी १५५३ची. एका गावात एकाच आडनावाचे डझनभर जेम्स निघतात, तेव्हा आजोबांच्या नावाची मदत होते. परंपरेने थोरल्या मुलाला वडिलांच्या वडिलांचं नाव देत, दुसऱ्याला आईच्या वडिलांचं, तिसऱ्याला खुद्द वडिलांचं. नियम सगळीकडे पाळला जात नसे, पण धागा मिळतो. गावातल्या गावात माणसं ओळखायची ती वडील-आजोबांच्या नावावरून, ‘शेमस इअन घोइल’, म्हणजे डोनल्डच्या इअनचा शेमस. नाहीतर रंगारूपावरून. शेमस बान म्हणजे गोरा, सोनेरी केसांचा. शेमस रुअघ म्हणजे तांबड्या केसांचा, शेमस मोर म्हणजे थोरला. हाक मारताना विशेषणही बदलतं, ‘अ हेमिश वाइन’.

हाकेचं रूप इंग्रजीत स्वतंत्र नाव म्हणून रुजलं ते एकोणिसाव्या शतकात. वॉल्टर स्कॉटने १८२७च्या ‘द हायलँड विडो’ या कथेत नायकाचं नाव ‘हेमिश बीन’ ठेवलं, हा वर सांगितलेला शेमस बानच. हायलँड्सचं आकर्षण वाढत गेलं तसे जेम्स म्हणून जन्मलेले लोक स्वतःला हेमिश म्हणवू लागले. ग्रीनॉकला १८६८मध्ये जन्मलेले संगीतकार हेमिश मॅकन मुळात जेम्स. १९३१मध्ये लंडनला प्रकाशनसंस्था काढणारे हेमिश हॅमिल्टनही जेम्सच. कवी आणि लोकगीतांचे संग्राहक हेमिश हेंडरसन (१९१९ ते २००२) यांचंही तेच. शेरलॉक होम्सच्या वाचकांना एक कोडं आठवत असेल. डॉक्टर जॉन एच. वॉटसनला त्याची बायको एका कथेत ‘जेम्स’ म्हणते. डोरोथी सेयर्स यांनी तोडगा सुचवला की तो एच म्हणजे हेमिश, आणि बायकोने त्याचंच इंग्रजी केलं. कॉनन डॉयलच्या मनात तसं असेलच असं नाही, पण व्याकरणाच्या कसोटीवर तोडगा चोख उतरतो.

आज हेमिश हे पूर्ण वाढलेलं नाव आहे. ‘हेमिश आला’, ‘हेमिशला सांग’ असं इंग्रजीत किंवा मराठीत म्हणण्यात काही चूक नाही. गॅलिक बोलताना मात्र जपावं लागतं. माणूस समोर नसताना त्याच्याविषयी बोलायचं तर शेमस, समोर असेल तर ‘अ हेमिश’. ‘हेमिश कुठे आहे’ असं गॅलिकमध्ये विचारणं म्हणजे ‘रामा कुठे आहे’ असं शुद्ध मराठीत विचारण्यासारखं. मुलाचं नाव गॅलिक वळणाचं हवं असेल तर शेमस ठेवा, आणि स्पेलिंग स्कॉटिशच ठेवा, शेवटची तीन अक्षरं एम-ए-एस. ई-वर तिरकी रेघ दिली आणि शेवटी यू-एस लिहिलं की ते आयरिश होतं. इथे जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करावी लागते, स्कॉटलंडमधल्या कुठल्याही नोंदणी कार्यालयात चालते, तेव्हा हा निर्णय बाळ येण्याआधीच झालेला बरा. न्यूयॉर्कमध्ये लोणच्याच्या बरणीवर ‘हेमिश’ दिसलं तर त्याचा याच्याशी संबंध नाही. तो यिडिश शब्द आहे, अर्थ घरगुती. आणि ग्लासगोत रस्त्यावर कोणी अनोळखी माणूस तुम्हाला ‘जिमी’ म्हणाला तर मागे वळून पाहू नका, तुमच्याशीच बोलतो आहे. आपल्या ‘काय भाऊ’मधला भाऊ, तसा तो जिमी. जेम्सचंच नाव पुन्हा एकदा हाक होऊन बसलं आहे.

मुलींमध्येही असं एक नाव आहे. मेरीचं गॅलिक रूप ‘मारी’. तिला हाक मारताना ‘म’ मऊ होऊन ‘व’ होतो, स्त्रीचं नाव म्हणून शेवट तसाच राहतो, आणि ती हाकच आता जन्मदाखल्यावर नाव म्हणून लागते. स्पेलिंगमध्ये एम-एच पाहून नवखा माणूस ‘म्हैरी’ वाचतो, अगदी लंडनहून आलेला इंग्रजही. उच्चार आहे ‘वारी’, पंढरीच्या वारीतला, तसाच्या तसा.