भेट आणि ताटातूट

शनिवार, रात्री उशिरा

आज चारपैकी तीन बाण लागले आणि तरीही सेन्सेईंनी, म्हणजे माझ्या शिक्षकांनी, माझे धनुष्य काढून घेतले. रागाने नव्हे; दोन्ही हात पुढे करून त्यांनी ते मागितले, भिंतीशी नीट उभे करून ठेवले आणि त्याच्या जागी नवशिक्यांना देतात ते नऊ किलो ताणाचे हलके धनुष्य माझ्या हाती दिले. "हायाके," एवढेच म्हणाले आणि माकिवाराच्या दिशेने हात केला. तीन वर्षे क्यूदो, म्हणजे जपानी धनुर्विद्या, शिकल्यावर मला पुन्हा जेमतेम दोन मीटरांवरून गवताच्या भाऱ्यात बाण मारायचे आहेत. २८ मीटरांवरच्या त्या ३६ सेंटिमीटरच्या वर्तुळासमोर सध्या उभे राहायचे नाही.

हायाके हा शब्द मी पुष्कळदा ऐकला होता, पण तो नेहमी दुसऱ्या कोणाविषयी असे. धनुष्य पूर्ण ताणले आणि बाण गालाला टेकला, की त्या अवस्थेत पाच-सहा सेकंद राहायचे असते, आणि माझा बाण मात्र टेकताक्षणीच सुटतो. मी सोडत नाही, तो सुटतो. थांब, असे मी मनाशी स्पष्ट म्हणते आणि तो शब्द पुरा होण्याआधी प्रत्यंचा वाजलेली असते. स्वतःचा हात आपले ऐकत नाही, या गोष्टीची इतकी भीती वाटेल अशी मला कल्पना नव्हती.

आधी अन्यायच वाटला. शेजारच्या आजींचा एकही बाण लागला नाही, त्यांना कोणी काही म्हणाले नाही. आठवडाभर ऑफिसात राबून, पावसात भिजत, आगगाडीच्या गर्दीत दोन मीटरांहून लांब धनुष्य सांभाळत मी जाते ती काय यासाठी? सरावाआधी आम्ही सगळे एका सुरात 'राइकी शागी' म्हणतो; प्राचीन चिनी ग्रंथातून आलेल्या त्या ओळींत सांगितले आहे की बाण चुकला तर आपल्याला हरवणाऱ्याचा राग धरू नये, कारण स्वतःत शोधावे. बाण लागला तर काय शोधावे, हे त्यात नाही. 'सेइशा हिच्चू' हे वचनही तसेच: योग्य रीतीने मारलेला बाण लागतोच. लागलेला प्रत्येक बाण योग्य रीतीने मारलेला असतो, असे ते म्हणत नाही, आणि मी मात्र तीन वर्षे ते उलटेच वाचत आले.

क्योतोच्या सांजूसांगेन्दो मंदिरात १६८६ साली वासा दाइहाचिरो यांनी एका अहोरात्रीत १३,०५३ बाण मारले आणि त्यांपैकी ८,१३३ सभागृहाच्या लांबलचक ओसरीतून पार गेले. मघाशी हिशेब केला, तर साधारण साडेसहा सेकंदांना एक बाण पडतो. त्यांना थांबायला वेळच कुठे होता, असे म्हणून मी स्वतःची समजूत घालून पाहिली. पण घाई त्यांनी पत्करली होती, माझ्यावर ती स्वार झाली आहे.

पुन्हा तेच मनात येते. खरा बाणही सोडायचा नसतोच. पानावर साठत गेलेला दवाचा थेंब आपल्याच भाराने ओघळावा, तसा तो सुटावा, असे जुने धनुर्धर सांगतात. म्हणजे त्यांचाही सुटतो आणि माझाही सुटतो. मराठीत दोन्हींना क्रियापद एकच. फरक शोधत मी तासभर बसले आहे. त्यांचा थेंब भरलेला असतो. माझ्या हातात काही भरायच्या आतच मी तिथून पळते, कारण त्या निश्चलतेत हा चुकला तर, हा प्रश्न उभा असतो आणि त्याच्यासमोर मला एक क्षणही राहवत नाही. तीन लागले, ते या पळण्याचे बक्षीस होते. म्हणूनच सेन्सेईंना ते तीन नको होते.

ताणून थांबण्याच्या त्या अवस्थेला 'काई' म्हणतात आणि लिहिताना भेटीचे चिन्ह काढतात. त्यानंतरची 'हानारे', म्हणजे ताटातूट. मुंबईच्या विमानतळावर आई दारापर्यंत आली होती आणि मी बॅगा उचलून... ते आज लिहीत नाही.

माकिवारापुढे सेन्सेईंनी बाण मारूच दिला नाही. ताणायचे, मोजायचे आणि न सोडता हळूहळू उतरवायचे, दहा वेळा. पहिल्या सहा वेळा हात थरथरला. सातव्या वेळी मी चारपर्यंत मोजले, आणि समोर चुकण्यासारखे काहीच नसल्यामुळे असेल, पण गालाशी टेकलेल्या बाणाचा गारवा मला प्रथमच जाणवला. तीन वर्षांत तो मला ठाऊक नव्हता. नऊ किलो मला आता अपमान वाटत नाही, निदान सातव्या वेळेपुरता तरी वाटला नाही.

आठव्या वेळी पुन्हा दोनवरच उतरवावे लागले. पुढच्या शनिवारीही माकिवाराच, असे सेन्सेई म्हणाले. युगाके, म्हणजे धनुर्धराचा हातमोजा, खिडकीशी वाळत ठेवला आहे. या दिवसांत हरणाच्या कातड्याला बुरशी फार लवकर धरते.