उरलेले सहा

मी सायकियाट्रीत आहे, बरीच वर्षं झाली, पण त्या दिवशीची ओपीडी अजून डोक्यातून जात नाही. पेशंट ओळखू येऊ नये म्हणून थोडे तपशील बदलून सांगते.

ताई धाकट्या भावाला घेऊन आली, सोबत भलामोठा ओला कॅनव्हास, कारण तो सोडून यायला तो तयारच नव्हता. नऊ रात्री जवळपास झोप नाही, नखांत रंग, बोलणं इतकं भरभर की एक वाक्य संपायच्या आत दुसरं सुरू. आईचं पोर्ट्रेट होतं. चेहरा कधीच झालेला, अडलं होतं ते डाव्या डोळ्यापाशी, रंगवायचा, खरवडायचा, परत रंगवायचा. तिथे आता नुसता चिखल होता, आणि तो मला सांगत होता की बघा, आत्ता कुठे जमायला लागलाय.

मॅनिया होता, म्हणजे मन बेफाम उसळतं तो आजार. आधी दोनदा होऊन गेलेला, त्यावरचं औषध लिथियम त्याने स्वतःच बंद केलेलं. म्हणे गोळ्यांनी हात मरतो, वेड आहे म्हणून चित्र आहे, व्हॅन गॉगचं बघा. या समजुतीचा मला मनापासून राग येतो, जीव जातात हो हिच्यापायी. १८८९ मध्ये फ्रान्समधल्या सँ-रेमीच्या मनोरुग्णालयात त्याला मोठा झटका आला तेव्हा तो रंग खायचा, कित्येक आठवडे चित्र काढू शकला नाही, तिथली बहुतेक चित्रं झाली ती मधल्या बऱ्या दिवसांत.

मग मी डॅनिश मानसोपचारतज्ज्ञ मोगेन्स स्काऊचा १९७९ चा अभ्यास सांगितला, लिथियम घेणारे २४ कलाकार, १२ जणांचं काम वाढलं, ६ जणांचं होतं तेवढंच राहिलं. तो पहिल्यांदाच थांबला.

"उरलेले सहा?"

मी ते गाळलं होतं, आणि झोप नसलेल्या त्या माणसाने बरोबर पकडलं. मी म्हणाले, त्यांचं काम कमी झालं. तुमचं काय होईल ते आधी सांगता येत नाही, रक्तातली लेव्हल बघत डोस ठरवू, हात जड वाटला तर मला सांगायचं, परस्पर बंद नाही करायचं.

तेवढ्यात ताईने मोबाईल पुढे केला. ती रोज रात्री कॅनव्हासचा फोटो काढून ठेवत होती. तिसऱ्या रात्रीच्या फोटोत डोळा पूर्ण होता, थकलेला, किंचित ओला, मला बघवेना इतका जिवंत.

तो किती तरी वेळ बघत राहिला. "हा मी खरवडला?"

ॲडमिट व्हायला तयार झाला. कॅनव्हास माझ्या केबिनमध्ये ठेवला, भिंतीकडे तोंड करून, तेवढी एकच अट घातली त्याने.